ब्राझीलचा रोनाल्डो: मुलांना कोणते सामने दाखवावेत, आणि गुडघ्याचं नेमकं काय झालं होतं?

मांजलपूरचा_मिडफिल्डर
नमस्कार मंडळी. बडोद्यात १२ ते १४ वयाची १६ मुलं, त्यातली सहा जणं स्ट्रायकर. पावसात पोलो ग्राउंडचा चिखल झाला की दोन-तीन दिवस खेळ बंद असतो, तेव्हा खोलीत बसवून रोनाल्डो नाझारियो दाखवायचा विचार आहे. पोरांना रोनाल्डो म्हणजे पोर्तुगालचाच ठाऊक, गोल झाला की सगळी 'सिऊ' करत उडतात. एकूण दीड तास हाताशी आहे. काय लावू, कुठे थांबवू? गुडघ्याचं लिगामेंट तुटलं होतं म्हणतात ते खरं का? आणि त्याच्या खेळातलं या वयाला शिकवण्याजोगं काय?

दांडियाबाजार_१०
'टॉप ५० गोल' छापाची संकलनं लावू नका. त्यात चेंडू पायात आल्यापुढचंच दिसतं. स्ट्रायकरचं निम्मं काम त्याआधी झालेलं असतं.

सुरुवात १२ ऑक्टोबर १९९६ च्या कॉम्पोस्तेला-बार्सिलोना सामन्यातल्या गोलापासून करा. चेंडू मध्यरेषेच्या अलीकडे मिळतो. मागून एकजण शर्ट धरून ओढतो, तरी गडी पडत नाही. इथे थांबवा आणि पोरांना विचारा, फाउल का मागितला नाही? मग पुढे जाऊ द्या. पूर्ण वेगातही चेंडू दर दोन-तीन पावलांनी पायाला लागतोय हे मोजायला सांगा. गोलनंतर बाकावर बार्सिलोनाचे प्रशिक्षक बॉबी रॉब्सन डोक्याला हात लावतात, तेही दाखवा, पोरं हसतील.

नंतर ६ मे १९९८, पॅरिस, युएफा कप फायनल, इंटर वि. लाझिओ (दोन्ही इटलीचे क्लब). ३-० मधला तिसरा गोल. गोलकीपर मार्केजानी समोर एकटा. रोनाल्डो चेंडूला जवळजवळ पायच लावत नाही म्हणा ना, नुसती कंबर आणि खांदे हलतात, आणि मार्केजानी बसतो. हा तुकडा निम्म्या वेगाने तीनदा लावा. पहिल्यांदा फक्त कीपरचे पाय बघायचे, दुसऱ्यांदा रोनाल्डोची कंबर, तिसऱ्यांदा चेंडू.

मग थेट २००२ चा विश्वचषक. मधली वर्षं का गाळली ते खाली कोणी सांगेलच. सेमी-फायनल, तुर्कस्तान, ४९ वं मिनिट: धावता धावता बुटाच्या टोकाने मारलेला गोल. आणि ३० जून, योकोहामा, जर्मनीविरुद्ध फायनल. ६७ व्या मिनिटाचा गोल सगळे 'जर्मन कीपर ऑलिव्हर कानच्या हातून चेंडू सुटला' एवढ्यावर संपवतात. दहा सेकंद मागे घ्या. चेंडू गमावल्यावर रोनाल्डोच जर्मनीच्या हामानच्या मागे लागून तो हिसकावतो, साथीदार रिव्हाल्डोला देतो आणि रिव्हाल्डो मारायच्या आधीच गोलकडे निघतो. कान चुकेल हे कोणाला माहीत होतं? तरी पळाला. ७९ व्या मिनिटाच्या दुसऱ्या गोलात क्लेबर्सनचा पास रिव्हाल्डो पायांमधून जाऊ देतो, तिथे रोनाल्डो एका स्पर्शात चेंडू लावतो आणि दुसऱ्यात जागा बघून ठेवतो. जोर नाहीच.

वेळ उरलाच तर २३ एप्रिल २००३, ओल्ड ट्रॅफर्ड, मँचेस्टर युनायटेडविरुद्ध. रेआल माद्रिदकडून तीन गोल. बदली होऊन बाहेर जाताना युनायटेडचे प्रेक्षक उभं राहून टाळ्या वाजवतात. सामना युनायटेडने ४-३ जिंकला, पण दोन सामन्यांच्या एकूण गोलांवर पुढे गेलं रेआल.

आकडेमोड्या
वरच्या निवडीला अनुमोदन. मुलं आकडे विचारतातच, म्हणून देतो. पीएसव्ही (नेदरलँड्सचा क्लब) ५७ सामने ५४ गोल, बार्सिलोना ४९ सामने ४७, इंटर ९९ सामने ५९, रेआल १७७ सामने १०४, मिलान २० सामने ९, ब्राझील ९८ सामने ६२.

यात इंटरची ओळ फोडून सांगा. १९९७-९८ या एका हंगामात ४७ सामने, ३४ गोल. पुढच्या चार हंगामांत मिळून ५२ सामने, २५ गोल, आणि २००० ते २००१ च्या हंगामात एकही सामना नाही. फळ्यावर एवढं लिहिलंत की गुडघ्याचा विषय आपोआप निघेल.

नेहमीच्या चुका: १९९४ च्या विश्वविजेत्या संघात तो होता, वय १७, पण एक मिनिटही खेळला नाही. १९९८ मध्ये ४ गोल, २००२ मध्ये ७ सामन्यांत ८ (फक्त इंग्लंडविरुद्ध नाही), २००६ मध्ये ३. एकूण १५, म्हणजे जर्मनीच्या गेर्ड म्युलरच्या १४ च्या पुढे. २०१४ ला जर्मनीच्याच क्लोजेने १६ केले. आणि १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकच्या क्लिपमध्ये त्याच्या पाठीवर 'रोनाल्डिन्यो' दिसलं तर गोंधळू नका. संघात दुसरा, वयाने मोठा रोनाल्डो होता, म्हणून हा 'छोटा'.

वाटीखालची_दोरी (फिजिओथेरपिस्ट)
लिगामेंट नाही. लिगामेंट हाडाला हाडाशी बांधतं. तुटली ती कंडरा, म्हणजे टेंडन: गुडघ्याच्या वाटीच्या खालच्या टोकापासून नडगीच्या वरच्या उंचवट्यापर्यंत जाणारी जाड दोरी. मांडीचा पुढचा स्नायू वाटीला वर ओढतो आणि ही दोरी तो जोर नडगीपर्यंत पोचवते. ती गेली की वाटी वर सरकते आणि आडवं झोपून पाय सरळ उचलता येत नाही.

क्रम असा: २१ नोव्हेंबर १९९९ ला लेचे या संघाविरुद्ध उजव्या गुडघ्याची कंडरा फाटली, पॅरिसमध्ये शस्त्रक्रिया झाली. १२ एप्रिल २००० ला लाझिओविरुद्ध इटालियन कपच्या फायनलमध्ये बदली म्हणून उतरला. सहा-सात मिनिटांत, कोणी हात न लावता, चेंडूवरून पाय फिरवून हूल देताना तीच कंडरा पूर्ण तुटली. मधला काळ पाच महिन्यांहून कमी. अशा शस्त्रक्रियेनंतर सुरुवातीचे साधारण सहा आठवडे पाय पट्ट्यात सरळ ठेवतात. मैदानावर परतायला सहा महिने ते वर्ष धरतात. २००८ मध्ये मिलानकडून खेळताना डाव्या गुडघ्याचीही तीच कंडरा गेली.

कंडरेवर सगळ्यात जास्त ताण धावताना येत नाही, थांबताना येतो. पूर्ण वेगात ब्रेक मारून दिशा बदलायची हे तर त्याचं हत्यारच होतं. म्हणून मुलांना फसवी चाल शिकवण्याआधी थांबणं शिकवा: १० मीटर धाव, तीन छोट्या पावलांत थांबा, गुडघा अंगठ्याच्या रेषेत, ढुंगण मागे, टाच उचललेली नको. सहा वेळा पुरे, आठवड्यातून दोनदा. एका लांब पावलात सरळ गुडघ्यावर थांबणारं पोर दिसलं की त्याला वेगळं काढा.

या वयात वाटीच्या दोन बोटं खाली टेंगूळ येऊन दाबल्यावर दुखतं. ही कंडरा तुटणं नव्हे, वाढत्या हाडावरची ओढ आहे. उड्या आणि बैठका कमी करायच्या, खेळानंतर १० मिनिटं कपड्यात गुंडाळलेला बर्फ. लंगडत असेल तर खेळ बंद आणि डॉक्टर. बडोद्याची खास भर म्हणजे नवरात्र. नऊ रात्री अनवाणी, तीन-तीन तास गरबा, आणि रविवारी सकाळी तुम्ही वर उड्या मारायला लावता. त्या दहा दिवसांत फक्त पासिंग ठेवा.

मांजलपूरचा_मिडफिल्डर
धन्यवाद ताई, नवरात्रीचं डोक्यातच आलं नव्हतं. टोकाने मारण्याबद्दल मात्र शंका आहे. आम्ही तर 'टो मारू नको' म्हणून ओरडतो!

दांडियाबाजार_१०
लांबून मारायला ओरडाच. पण १२ मीटरच्या आत, समोर कीपर आणि बाजूला दोन बचावपटू असताना तोच सगळ्यात लवकर सुटणारा फटका. कीपर तुमचा मागे गेलेला पाय बघून झेपावतो. टोकाने मारताना पाय मागे जातच नाही, पावलातलंच एक पाऊल असतं ते. तुर्कस्तानचा कीपर रुश्तू याची बोटं लागली तरी चेंडू आत गेला, कारण तो उशिरा निघाला.

सराव: गोलपासून १० मीटरवर दोन कोन (प्लॅस्टिकचे शंकू), मधली वाट दीड मीटर. मुलगा २० मीटरवरून चेंडू घेऊन धावत येईल आणि कोनांच्या मध्ये असतानाच, न थांबता मारेल. पाय मागे एक वीतभरच. घोटा ताठ, अंगठा आत वळवलेला नाही, स्पर्श चेंडूच्या बरोब्बर मध्यावर. घोटा सैल राहिला की चेंडू वेडावाकडा जातो, स्पर्श खाली लागला की बारवरून. प्रत्येकी आठ फटके, चार कोपऱ्यात, चार कीपरच्या पायाजवळून. आणि बूट तपासा. पुढच्या वर्षी पण चालतील म्हणून आई-बाबा एक नंबर मोठे घेतात, त्यात बोट पुढे आपटून नख काळं पडतं. त्या दिवशी त्याला साध्या पासिंगला लावा.

कीपरला चकवायचा सराव वेगळ्या दिवशी. कीपर आठ मीटरवरून पुढे येईल, हूल तीन मीटर उरल्यावर द्यायची. दोन मीटरच्या आत दिलीत तर तो चेंडूवर पडतो, पाचवर दिलीत तर सावरतो. हूल खांद्यापासून, आणि त्यानंतरचा स्पर्श आडवा नको, तिरका पुढे, नाहीतर गोलचा कोन बंद होतो.

आकडेमोड्या
एक राहिलं. १२ जुलै १९९८ च्या विश्वचषक फायनलबद्दल मुलं यूट्यूबवरचं काहीबाही विचारतील. दुपारी त्याला झटका (आकडी) आला, पहिल्या यादीत त्याच्या जागी एडमुंडो होता, दुसऱ्या यादीत पुन्हा त्याचं नाव आलं, फ्रान्स ३-० जिंकलं. एवढंच सांगा. तसंच शेवटच्या वर्षांतल्या त्याच्या पोटावर हसतील. फेब्रुवारी २०११ मध्ये निवृत्त होताना त्याने थायरॉइडचा आजार असल्याचं स्वतःच सांगितलं होतं, तो व्हिडिओ दोन मिनिटं लावला तरी चालेल.

वाटीखालची_दोरी
व्हिडिओनंतर लगेच सराव घेणार असाल तर दीड तास मांडी घालून बसवू नका. दर २५ मिनिटांनी उठवून खोलीतच दोन फेऱ्या.