हातातल्या कन्सोलमधलं सेव्ह पुसताना (अनुभव धागा)

उंबरठा

भाचा नऊ वर्षांचा. कपाटाच्या खालच्या खणात त्याला माझा जुना गेमबॉय अ‍ॅडव्हान्स सापडला, आत पोकेमॉन सॅफायरची कार्ट्रिज तशीच. चालू केला तर आधी सूचना आली: आतली बॅटरी संपली आहे, गेम खेळता येईल, पण घड्याळावर चालणाऱ्या गोष्टी होणार नाहीत. पुढच्या पडद्यावर माझं नाव आणि २१२ तास. शेवटची खेळले तेव्हा लावलेल्या बेरीची रोपं अजून अंकुरावरच आहेत. घड्याळच थांबलं म्हटल्यावर ती बिचारी वाढणार तरी कशी!

"मावशी, न्यू गेम करू?"

रोज शंभर ईमेल न वाचता उडवणारी बाई मी, पण चटकन "थांब जरा" म्हणाले. त्या कार्ट्रिजमध्ये सेव्ह, म्हणजे कुठवर खेळलो त्याची नोंद, एकच मावतं. त्याचं ठेवायचं तर माझं जाणार.

चार दिवस झाले, तो विचारतोय आणि मी टाळतेय. म्हणून हा धागा. तुमच्या हातून, भावंडांच्या हातून किंवा कोणाच्याच हातून नाही, आपोआप सेव्ह गेलं असेल तर लिहा. मुद्दाम पुसलं असेल तर नक्की लिहा. फक्त हातात धरायचे कन्सोल घ्या, टीव्हीला जोडायचे नकोत, नाहीतर हे आवरणार नाही. आणि "गेमच तर आहे" हे मी स्वतःला पुरेसं ऐकवून झालंय, तुम्ही नका ऐकवू.

शेंडेफळ

गुन्हेगारांच्या बाजूने पहिला मीच. वय सात, गेम दादाचा पोकेमॉन रेड. दादा शिकवणीला गेला की गेमबॉय माझा, असा माझा एकतर्फी करार होता. एक दिवस न्यू गेम सुरू केला, तास-दीड तास गवतात भटकलो, एक पिजी पकडला आणि मोठ्या शहाणपणाने सेव्ह केलं. मध्ये गेमने इंग्रजीत काहीतरी विचारलं. वाचता येत नव्हतं, पण ए दाबलं की सगळं पुढे सरकतं एवढं ज्ञान होतं.

दादाने आल्यावर चालू केला. आठ बॅजच्या (गेममधले टप्पे जिंकल्याच्या बिल्ल्यांच्या) जागी शून्य. तो ओरडला नाही, ते जास्त वाईट होतं. म्हणाला, "सेव्ह कशाला केलंस? नुसता बंद केला असतास तर माझं राहिलं असतं."

याचा अर्थ मला खूप वर्षांनी लागला. न्यू गेम दाबल्याने जुनं जात नाही. नवं सेव्ह करेपर्यंत जुनं कार्ट्रिजमध्ये शाबूत असतं, आणि मला न वाचता आलेलं ते वाक्य नेमकं हेच विचारत होतं की जुनी फाइल पुसली जाईल, चालेल ना? गेमने रीतसर परवानगी मागितली होती हो. मीच दिली.

आजही मी घाईघाईने काही करायला निघालो की दादा एवढंच म्हणतो, "ए दाबू नकोस."

कोरडी_शाई

माझा व्हिटाचा (सोनीचा हातातला कन्सोल) किस्सा. १६ जीबीचं कार्ड भरलेलं, नवा गेम उतरवायचा होता. विचार केला, हा मोठा गेम काढू, नंतर पुन्हा डाउनलोड करू, विकत घेतलेला आहे, जातोय कुठे. बुडबुड्यावर बोट दाबून धरलं, डिलीट. दोन महिन्यांनी पुन्हा उतरवला, तर थेट सुरुवातीचं शिकवणी-प्रकरण: "चालण्यासाठी डावी स्टिक वापरा."

व्हिटावर गेम काढला की त्याचं सेव्हही त्याच्याबरोबर जातं. हे मला माहीत नव्हतं कारण त्याआधीच्या पीएसपीवर गेम वेगळा आणि सेव्ह वेगळं असायचं. सूचना आली होती का? आली असणार. मी ती वाचली का? वर शेंडेफळ यांचं वाक्य घ्या, वयात पंचवीस वर्षं वाढवा.

आकडेमोड

@कोरडी_शाई, म्हणूनच निन्टेन्डो स्विचवाले निष्कारण घाबरतात. तिथे उलटं आहे. गेम डिलीट केला तरी सेव्ह कन्सोलमध्येच राहतं. ते पुसायला सेटिंग्जमध्ये जाऊन, डेटा मॅनेजमेंटमधून वेगळी वाट काढावी लागते. मायक्रोएसडी कार्डावर गेम जातात, सेव्ह कधीच नाही, ते आतल्या मेमरीतच. त्यामुळे कार्ड जपून ठेवलं आणि कन्सोल पाण्यात पडला, तर जपलेल्या कार्डाचा उपयोग शून्य. आणखी एक मेख म्हणजे सेव्ह यूजरच्या नावावर असतं. "हा कोणाचा फालतू प्रोफाइल" म्हणून यूजर उडवलात की त्याची सगळी सेव्ह गेली. क्लाउडवर ठेवलंय म्हणून निर्धास्त असाल, तर सदस्यत्व संपल्यावर १८० दिवसांपर्यंतच ते तिथे ठेवतात, हेही लक्षात असू द्या.

घारू

पीएसपी. गाण्यांना जागा हवी होती म्हणून मी मेमरी स्टिक फॉरमॅट केली. हसू नका. फॉरमॅट म्हणजे कप्पे नीट लावणं असं मला प्रामाणिकपणे वाटत होतं, वहीत समास आखतात तसं.

मग एका मित्राच्या कॉम्प्युटरवर फाइली परत आणणारा प्रोग्रॅम चालवला. पीएसपीवर प्रत्येक सेव्हला आपलं वेगळं फोल्डर असतं, सेव्हडेटाच्या आत, आणि त्यात खऱ्या डेटाबरोबर यादीत दिसणारं एक छोटं चित्रही असतं. रात्री दोनपर्यंत बसून आम्ही बावन्न फाइली परत मिळवल्या. उघडेना एकही. शेवटी एक उघडली, ती आयकॉन-झिरो डॉट पीएनजी. १४४ बाय ८० पिक्सेलचं चित्र, पोस्टाच्या तिकिटाएवढं. गेम गेला, त्याचा पासपोर्ट फोटो राहिला. तो अजून माझ्या फोनमध्ये आहे. कशाला ठेवलाय, विचारू नका.

तिरपी_मान

स्टीम डेक. प्रवासात नेट नव्हतं, डेकवर सहा तास खेळलो. घरी येऊन डेक ऑनलाइन न करताच कॉम्प्युटरवर तोच गेम दहा मिनिटं उघडला. नंतर डेक विचारतो, क्लाउडवरचं ठेवू की इथलं? क्लाउडचं नवीन दिसलं म्हणून तेच घेतलं. नवीन होतंच ते. दहा मिनिटांचं.

फिरकी

मी सगळ्यात गरीब. ब्रिक गेम. त्यात सेव्ह वगैरे भानगड नव्हती, होता तो फक्त हायस्कोअर, आणि सेल काढले की तोही शून्य. त्यामुळे सेल बदलताना एक काढायचा, झटकन एक घालायचा, म्हणजे "त्याला कळणार नाही" असा आम्हा भावंडांचा सिद्धांत होता. त्याला दर वेळी कळायचं.

रानजाई

आमच्याकडे बेट होतं. ज्यांनी अ‍ॅनिमल क्रॉसिंग न्यू होरायझन्स खेळलंय त्यांना कळेल. बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगते: मार्च २०२० मध्ये आलेला गेम, एका निर्जन बेटावर तुम्ही घर बांधता, झाडं लावता, बोलणारे प्राणी शेजारी राहायला येतात. मुख्य अट अशी की एका स्विचवर बेट एकच. घरात चार जण खेळणार असतील तर चौघांचं मिळून एक. जो पहिला सुरू करतो तो प्रतिनिधी, आणि त्याला एकट्याला काढता येत नाही. काढायचं तर अख्खं बेट.

प्रतिनिधी मी होते. घरात कोंडलेले दिवस होते ते, रोज सकाळी चहाबरोबर बेटावर एक फेरी. पुढे कामं सुरू झाली, फेरी आठवड्याची झाली, मग बंदच. दोन-अडीच वर्षांनी धाकट्या बहिणीने विचारलं, "ताई, तू खेळत नाहीस, तर मी माझं नव्याने करू?" रास्त मागणी होती. बाकीच्या गेमांसारखं याचं सेव्ह क्लाउडवर सहज ठेवता येत नाही, बेटाचा बॅकअप निराळा असतो आणि तो कन्सोल हरवला-बिघडला तर परत मिळवण्यासाठी. आळीपाळीने दोन बेटं खेळायची सोय त्यात नाही.

तर पुसायच्या आधी शेवटचं बघू म्हणून उघडलं. सगळीकडे तण. पुलावर, पायवाटेवर, मी रंग जुळवून लावलेल्या फुलांच्या मधोमध. घरात शिरले तर झुरळं पळाली, गेममध्ये खरंच असतात. एक शेजारीण धावत आली आणि किती महिने दिसली नाहीस म्हणून नेमका आकडा सांगितला.

आणि मी काय केलं असेल? तण उपटायला बसले. एक-एक करून वायचं बटण. दक्षिणेच्या किनाऱ्यापासून सुरू केलं, वरच्या टेकडीपर्यंत गेले. झुरळं मारली. पडलेली फळं गोळा करून विकली, म्हणजे पैसे जमा केले, जे अर्ध्या तासाने अस्तित्वात नसणार होते. बहीण शेजारी बसून बघत होती. मध्येच म्हणाली, "अगं, पण हे जाणारच आहे ना?" मी म्हटलं, "हो, पण असं नको जायला."

सव्वा तास लागला. मग सेटिंग्ज, डेटा मॅनेजमेंट, डिलीट सेव्ह डेटा. त्याला पाच सेकंदही लागले नाहीत. तिचं बेट छान झालंय. माझंही घर आहे तिथे, समुद्राकडे तोंड करून. प्रतिनिधी ती.

फिरकी

रानजाई, भाड्याचं घर सोडताना फरशी पुसून जाणाऱ्यांतल्या दिसता तुम्ही.

रानजाई

आहेच. :)

पानगळ

मी मुद्दाम पुसणारा. गेम संपला की काही आठवडे थांबतो आणि सेव्ह उडवतो. शंभर टक्के पूर्ण झालेलं सेव्ह माझ्या दृष्टीने चाटून पुसून ठेवलेलं ताट आहे, ते मांडून ठेवून काय करायचं? पुन्हा वाढून घ्यायचं असेल तर ताट रिकामं हवं. वरचे अनुभव वाचून वाईट वाटलं, पण मतात बदल नाही.

उलट ज्यात पुसताच येत नाही त्याचा मला राग. २०११ मध्ये थ्रीडीएसवर रेसिडेंट ईव्हिल: द मर्सिनरीज थ्रीडी आला, त्यात सेव्ह पुसायची सोयच दिलेली नव्हती. एकदा जे खुलं झालं ते कायमचं खुलं. जुना विकत घेणाऱ्याला दुसऱ्याने खेळून संपवलेला गेम मिळणार, यावरून तेव्हा बराच गदारोळ झाला होता.

आडवळण

पानगळ, मला दुसऱ्याने खेळलेलाच मिळाला, आणि त्याचं काय करावं ते कळेना.

पोकेमॉन गोल्ड, जुना घेतलेला. आत सेव्ह होतं. नावाला सात अक्षरांची जागा असते, याने सात वेळा ए लिहिलेलं. म्हणजे नाव लिहायचाही कंटाळा. सहज पकडलेले कोण आहेत ते बघितलं. पाच अगदी सामान्य, आणि पहिल्या जागेवर एक सेंट्रेट, लेव्हल ७१.

न खेळलेल्यांसाठी: सेंट्रेट हा अगदी सुरुवातीच्या गवतात मिळणारा, शेपटीवर उभा राहणारा किरकोळ प्राणी. लेव्हल १५ ला त्याचं रूप बदलून फरेट होतो. बदलू द्यायचं नसेल तर बदल सुरू असताना बी दाबायचं. पण पुढच्या लेव्हलला गेम पुन्हा प्रयत्न करतो. पुन्हा बी. १५ पासून ७१ पर्यंत मोजा. स्वतःचं नाव लिहायचा कंटाळा असलेल्या त्या पोराने पन्नासहून जास्त वेळा बी दाबलं होतं, कारण त्याला तो तसाच हवा होता.

पुसायची रीत मला माहीत होती. सुरुवातीच्या पडद्यावर वरची दिशा, सिलेक्ट आणि बी, तिन्ही एकदम. सगळा डेटा पुसायचा का म्हणून विचारतो, आणि बाण आधीपासून "नाही"वर असतो. मी त्या पडद्यापर्यंत तीनदा गेलो. तिन्ही वेळा ए दाबलं, बाण होता तिथेच ठेवून.

मग वर्षभराने एकदा चालू केला, तर काँटिन्यूच नाही. नुसतं न्यू गेम. गोल्डमधलं सेव्ह एका गोल सेलच्या जिवावर टिकतं, आणि त्याच सेलवर गेमचं घड्याळही चालतं, त्यामुळे तो रेडच्या आधी संपतो. सेल सोल्डर केलेला असतो. बदलता येतो, पण संपल्यावर बदलून काय उपयोग. दुसरी कार्ट्रिज आणि केबल मागून आणून सेंट्रेटला वेळेत हलवायला हवं होतं, हे सुचलं तेव्हा उशीर झाला होता.

आकडेमोड

@उंबरठा, आडवळण यांचं वाचून तुम्ही घाबरण्याआधी सांगतो. सॅफायरमध्ये सेव्ह फ्लॅश मेमरीत असतं, सेल फक्त घड्याळापुरता. म्हणून सेल संपूनही तुमचे २१२ तास जागेवर आहेत.

आणि पुसायचंच असेल तर आधी आतली पोकेमॉन मंडळी हलवा. डीएस किंवा डीएस लाइट हवा (डीएसआयला खालचा खाचा नाही), वर पोकेमॉन डायमंड, खाली सॅफायर. डायमंडमधल्या पॅल पार्कमध्ये एका वेळी सहा नेता येतात. परतीचं तिकीट नाही. सर्फ, फ्लाय असल्या एचएम चाली येत असतील तर त्याला नेता येत नाही, आधी सॅफायरमधल्या लिलीकोव्ह गावी जाऊन विसरायला लावा. आणि डायमंडमध्ये नॅशनल डेक्स (पोकेमॉनची मोठी यादी) मिळालेला असायला हवा, म्हणजे मुख्य गेम संपवून पुढेही बरंच काही.

उंबरठा

सगळ्यांना धन्यवाद. सेंट्रेटवर मी दोन दिवस अडकले होते.

अपडेट: भावाकडे डीएस लाइट निघाला, डायमंडसकट. त्यात त्याचं सेव्ह होतं, तिसऱ्या बॅजवर सोडलेलं. फोन करून विचारलं, पुसू का? "पूस की," म्हणाला, आणि लगेच गॅस बुक केलास का विचारलं. एकाच घरात वाढलोय आम्ही.

तिन्ही बटणं भाच्याने स्वतः दाबली, अंगठा पुरेना म्हणून सिलेक्टवर माझं बोट. ठरलं असं की त्याने डायमंड संपवायचा, माझे सहा तिकडे न्यायचे, मग सॅफायर त्याचा.

काल सातवा बॅज घेतला. सॅफायरचं नावही काढत नाही.