मदत हवी आहे : गेटवे-मांडवा लाँच आणि कुलाबा किल्ल्यापर्यंत चालत, एका दिवसात

नमस्कार मंडळी. डिसेंबरात बाबांना घेऊन गेटवेहून सकाळच्या लाँचने मांडवा, तिथून बसने अलिबाग आणि ओहोटीत चालत कुलाबा किल्ला असा बेत आहे. बाबा ६८ वर्षांचे, गुडघे जरा कुरकुरतात. पण १७५९ साली राघोजी आंग्र्यांनी बांधलेल्या गणपतीच्या देवळापर्यंत स्वतःच्या पायांनी जायचं, हा त्यांचा हट्ट आहे आणि मला तो पुरवायचाच आहे.

अडचण तिथीची आहे. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ येते, हे आजोबांनी शिकवलेलं. त्या हिशेबाने अष्टमीला सहाला भरती, म्हणजे बाराला ओहोटी. वेळ अगदी सोयीची, पण तेव्हा भांग (म्हणजे लहान भरती-ओहोटी) असते, पाणी फारसं हटत नाही. पौर्णिमा-अमावस्येच्या उधाणाला वाट छान उघडी पडते, पण ओहोटी सहाच्या सुमारास! मग एकादशी-द्वादशी धरावी का? दुपारी दोन-तीनच्या ओहोटीत किल्ला बघून संध्याकाळची परतीची लाँच गाठता येईल का? वाटेत शेवाळ, दगड कितपत लागतात? चप्पल चालेल की बूट हवेत?

वयस्कर माणसांना घेऊन कुणी गेलं असेल तर कृपया सविस्तर सांगा.