भाजे लेण्यातील रथारूढ मूर्ती सूर्याचीच का? मदत हवी आहे

सप्रेम नमस्कार. मळवलीजवळच्या भाजे लेण्यांतील विहाराच्या ओसरीत, एका खोलीच्या दाराच्या दोन्ही बाजूंस कोरलेल्या शिल्पांविषयी मार्गदर्शन हवे आहे. एकीकडे चार घोड्यांच्या रथात छत्र व चामर धरलेल्या दोन स्त्रियांसह एक पुरुष असून रथाखाली अवाढव्य, विद्रूप देह चिरडला जातो आहे. दुसरीकडे हत्तीने समूळ उपटलेले झाड सोंडेत धरले आहे, आणि ती सोंडेची पकड इतकी जिवंत आहे की नजर हटत नाही.

रूढ मतानुसार रथातला पुरुष सूर्य व हत्तीवरचा इंद्र होय, तर काही अभ्यासक हे प्रसंग बौद्ध वाङ्मयातील मांधाता राजाच्या कथेतले मानतात. मला पहिले मत अधिक पटते, कारण बोधगयेच्या मंदिराभोवतीच्या दगडी कठड्यावरही सूर्याचा चार घोड्यांचा रथ आहे. मात्र तेथील स्त्रिया अंधारावर बाण सोडतात, भाज्यात तसे नाही, ही अडचण उरतेच.

इसवी सनापूर्वीच्या बौद्ध विहारात वैदिक देव द्वारपालासारखे कोरण्यामागे कोणती धारणा असावी? पुण्यात डेक्कन कॉलेजमध्ये किंवा अन्यत्र मूर्तिशास्त्र शिकलेल्यांनी कृपया सांगावे, आणि याविषयीचे मराठी लेखन ठाऊक असल्यास तेही सुचवावे.