अनुभव धागा : माहितीपट बघून घरात काय बदललं?

आजार, अपघात होऊच नये म्हणून केलेले पाच-दहा मिनिटांचे माहितीपट आता गावोगावी मोबाईलवर फिरतायत. त्यातलं मराठवाड्यातल्या आपल्या घरांत काय उतरलं, काय नाही, ते लिहा. सुरुवात मी करतो.

लातूर : आमच्याकडं नळाला रोज पाणी नाही, २०१६ साली तर मिरजेहून रेल्वेनं आणावं लागलं. म्हणून दारोदारी ड्रम, अन् डेंग्यूच्या डासाला आयतं घर. एका फिल्ममध्ये कॅमेरा थेट ड्रमच्या आत नेलाय. पाण्याच्या जरा वर, कडेला चिकटलेले बारीक काळे ठिपके. ती अंडी. ड्रम रिकामा केला तरी ती कोरडी कित्येक महिने टिकतात, पाणी लागलं की अळ्या. म्हणजे नुसतं ओतून भागत नाही, घासावंच लागतं. पण भरलेला ड्रम सांडायला लातूरकराचा हात धजत नाही, आणि त्यावर फिल्म काहीच बोलत नाही. वाट आईनं काढली. दर आठवड्याला वापरायचं पाणी फडक्यानं गाळून बादल्यांत, ड्रम काथ्यानं खसखसून घासून उन्हात पालथा, मग तेच पाणी परत आत.

बीड : मी आशा कार्यकर्ती. दसऱ्यानंतर टोळ्या ऊसतोडीला निघतात, त्याआधी बायकांना सर्पदंशाची फिल्म दाखवते. मण्यार रात्री अंथरुणात शिरते, चावल्याचं पुष्कळदा कळतही नाही; मग पोट दुखतं, पापण्या मिटायला लागतात. कापू नका, आवळून बांधू नका, १०८ ला फोन लावा, हे सगळ्यांना पटतं. पण 'खाटेवर झोपा' आलं की एकजण म्हणाली, "कोपीत (ऊसतोडीवरच्या पाचटाच्या खोपटात) बाज कुठं टाकू, माय?" खरंच आहे तिचं. आता मी फिल्म तिथंच थांबवते आणि मच्छरदाणीच्या कडा वाकळंखाली कशा खोचायच्या ते करून दाखवते. फिल्म करणाऱ्यांनी एकदा कोपीत यावं.

जालना : लहानपणी प्रचाराची गाडी यायची, पांढऱ्या पडद्यावर नारूची, म्हणजे पिण्याच्या पाण्यातून अंगात शिरणाऱ्या जंताची फिल्म. पायातून निघणारा तो दोरा बघून अंगावर काटा यायचा. पाणी गाळून प्या, एवढंच सांगायचे, म्हणून ते डोक्यात बसलं. २००० साली देश नारूमुक्त ठरला.

हिंगोली : वीज पडण्यावरची फिल्म बघितल्यापासून आमची शेरडं राखणारी पोरं झाडाखाली थांबत नाहीत. वीज पडण्याआधी सावध करणारं 'दामिनी' ॲप सालगड्याच्या मोबाईलवरही टाकून दिलंय.

लातूर : बीडच्या ताई, कोपीतली फिल्म आपणच करू. मच्छरदाणी खोचायची तेवढीच दाखवायची, आवाज तुमचा. या हंगामात टोळीवर कधी जाताय ते कळवा, मी येतो.