मदत हवी आहे: घोडीच्या तबेल्याला चिलटांसाठी जाळी कुठली?

मंडळी, कुर्ल्यात काकांची वरातीची घोडी आहे. पावसाळ्यात तबेल्यामागच्या चिखल-शेणात चिलटं माजतात, दिवेलागणीला पोट खाजवून ती भिंतीला घासते. बोलता बोलता डॉक्टरांनी आफ्रिकन हॉर्स सिकनेस या घोड्यांच्या जीवघेण्या रोगाचं सांगितलं आणि झोपच उडाली! २०२० मध्ये थायलंडमध्ये शेकडो घोडे गेले. १९६० च्या सुमारास आपल्याकडेही साथ होती. घोड्याचा घोड्याला थेट लागत नाही, विषाणू चिलटंच नेतात. (काका तरी बादली वेगळी ठेवतात.) सध्या इथे साथ नाही, पण नेहमीच्या मच्छरदाणीतून दोन मिलिमीटरचं चिलट आरामात शिरतं. त्याहून बारीक जाळी मुंबईत कुठे मिळेल? उकाड्यात घोडी गुदमरेल का? नुसत्या मोठ्या पंख्यावर कुणाचं भागलंय?