गिरणी संपाचे जुने फुटेज: शोध कुठे घ्यावा, परवानगी कोणाची?

लालबागकर:
१८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या मुंबईच्या कापड गिरणी संपावर मी माहितीपट करतो आहे. मुलाखती झाल्या, घराघरांतून छायाचित्रेही मिळाली, परंतु संपाचे नेते डॉ. दत्ता सामंत यांच्या सभा, कुलूपबंद गिरण्या आणि चाळींतले ते दिवस यांचे फुटेज फारच थोडे हाती लागले आहे. एका दिवंगत कॅमेरामनच्या कुटुंबीयांनी त्यांच्या यू-मॅटिक टेप्स (जुन्या पद्धतीच्या व्हिडिओ कॅसेट) देऊ केल्या आहेत. त्या तशाच वापरता येतील का? बाकीचा शोध कुठून सुरू करावा?

फुटेज_दादर:
पेडर रोडवरच्या फिल्म्स डिव्हिजनपासून, म्हणजे माहितीपट आणि वृत्तचित्रे काढणाऱ्या सरकारी संस्थेपासून, सुरुवात करा. १९४८ साली स्थापन झालेली ही संस्था २०२२ मध्ये एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झाली, त्यामुळे विचारणा आता तिथे करावी. मुंबई दूरदर्शन १९७२ पासूनचे, म्हणून तिथेही अर्ज द्या, आणि परदेशी वृत्तसंस्थांचे संग्रह विसरू नका. नोंदी बहुधा इंग्रजीत आणि त्या काळच्या शब्दांत असतात. तेव्हा 'मुंबई' घालून काही सापडले नाही तर 'बॉम्बे' घालून पाहा, आणि संपाचा उल्लेखच नसलेली 'परळ, मोर्चा' अशी त्रोटक नोंदही उघडून बघा. आधी टाइमकोड (चित्रावर उमटलेली वेळेची आकडेवारी) असलेली कमी दर्जाची प्रत मागवून संकलन करावे. दर पुष्कळदा सेकंदावर किंवा मिनिटावर ठरतो, म्हणून अंतिम संकलनात नेमके किती फुटेज राहिले हे कळल्यावरच मूळ प्रतीचे पैसे भरणे शहाणपणाचे. फक्त महोत्सवांपुरता परवाना स्वस्त पडतो खरा, पण पुढे ओटीटीवर जायचे झाल्यास पुन्हा वाटाघाटी कराव्या लागतात. दोन्ही दर आजच लेखी घ्या.

टेप_आणि_हक्क:
टेप घरात आहे म्हणून हक्कही घरात आहे, असे होत नाही. त्या कॅमेरामनने चित्रीकरण स्वतःसाठी केले होते की कोणाच्या नोकरीत किंवा मोबदल्यावर, हे पाहा. दुसऱ्या प्रसंगी, वेगळा करार नसेल तर, हक्क साधारणपणे काम देणाऱ्याकडे जातो. आपल्याकडे चित्रपटकृतीचा कॉपीराइट प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षे चालतो, म्हणजे १९८२ मध्ये प्रकाशित झालेले चित्रण २०४२ अखेरपर्यंत संरक्षित आहे.

आणि कृपा करून त्या टेप्स उत्सुकतेपोटी जुन्या प्लेअरवर लावून पाहू नका. मुंबईच्या दमट हवेत फितीवरचा थर चिकट होतो, प्लेअरच्या हेडला (फीत वाचणाऱ्या भागाला) लागून खरवडला जातो, आणि गेलेले चित्र परत येत नाही. आधी जाणकाराकडून तपासणी, मग डिजिटायझेशन, तेही शक्यतो कॉम्प्रेशनशिवाय.

फुटेज_दादर:
यात भर घालतो. 'संप, १९८२' असे शीर्षक पाहून विश्वास ठेवू नका, चौकट थांबवून बघा. रस्त्यावरच्या गाडीच्या पाटीवर 'एमएच' दिसले, तर ते दृश्य १९८२चे नाही, कारण ती मालिका १९८९ नंतरची. ट्राम दिसली, तर ते ३१ मार्च १९६४ पूर्वीचे. ज्यांची दोन वर्षे त्या संपात होरपळली, त्यांच्या कहाणीवर दुसऱ्याच कोणाचा मोर्चा चिकटवणे हा त्यांच्यावर अन्याय आहे. तारखेची खात्री पटत नसेल, तर ते दृश्य वगळा किंवा पडद्यावर 'गिरणगाव, साल अनिश्चित' असे स्पष्ट लिहा.