मदत हवी आहे: मिलिटरी स्फोटाचा कोड, वाय३६ की वाय३७? (रिबटल, म्हणजे लेखी हरकत, उद्या ११ पर्यंत)

ऐरोली_नाईटशिफ्ट:
माझ्या मेडिकल कोडिंगच्या ऑडिटमध्ये एरर लागलाय आणि मला तो अजिबात मान्य नाही. मिलिटरी रेंजवर स्वतःचाच गोळा अवेळी फुटला, जरा लांब उभ्या असलेल्या माणसाचा उजव्या कानाचा पडदा फाटला. इजा कशी झाली ते सांगणारा कोड म्हणून मी वाय३७.२४०ए लावला. क्यूएने, म्हणजे माझं काम तपासणारीने, खोडून वाय३६.२४०डी केलं. टीएल (टीम लीडर) म्हणतो, 'क्यूए सीनियर आहे, सोड ना.' कसं सोडू? या महिन्यात ९५ टक्क्यांच्या काठावर आहे, आणखी एक एरर म्हणजे इन्सेंटिव्ह गेला. कोणता बरोबर तेवढंच सांगा. लेक्चर नको, प्लीज.

क्लेमवाले_काका:
आपल्याकडे मेडिक्लेममध्ये हा कोड कोणी बघत नाही. डिस्चार्ज समरी आणि एफआयआरची प्रत जोडा, टीपीए, म्हणजे क्लेम बघणारी कंपनी, पास करेल.

ऐरोली_नाईटशिफ्ट:
काका, अमेरिकन चार्ट आहे. आयसीडी-१०-सीएम, म्हणजे तिकडची आजार-इजांच्या कोडची यादी. मला वाटलं हे सांगायची गरज नाही.

घोडबंदरचा_कोडर:
गरज असते. कारण वाय३६.२४ आणि वाय३७.२४ चं वर्णन जवळपास सारखंच आहे: आपल्याच दारूगोळ्याचा किंवा तो डागणाऱ्या यंत्राचा अपघाती स्फोट. फरक एवढाच की ३६ युद्धातल्या कारवाईसाठी, ३७ शांततेच्या काळात लष्करी हद्दीत किंवा नेहमीच्या सरावात. सराव होता ना? मग ३७. क्यूएने 'मिलिटरी' वाचलं आणि हात ३६ वर गेला, दुसरं काही नाही.

पुस्तकच_बरं:
एन्कोडरच्या, म्हणजे कोड शोधायच्या सॉफ्टवेअरच्या, नादी लागून हे होतं. छापील पुस्तक घ्या, टॅब्युलर (कोडची क्रमवार यादी) उघडा, बोट ठेवून वाचा. दर ऑक्टोबरला नवं घेते मी, २०१५ पासून. एकही वर्ष चुकलं नाही.

जुना_मुंबईकर:
अवांतर: १४ एप्रिल १९४४ ला व्हिक्टोरिया डॉकमध्ये फोर्ट स्टिकिन जहाज फुटलं. पोटात कापूस, दारूगोळा आणि सोन्याच्या विटा. अग्निशमन सप्ताह त्याच तारखेला सुरू होतो, हे नव्या मुलांना माहीत नसतं. तिथे शत्रूने हल्ला केला नव्हता, आग अपघाताने लागली असं मानतात. त्याला मग कुठला कोड?

घोडबंदरचा_कोडर:
तेव्हा महायुद्ध चालू होतं, म्हणून मी ३६ कडे बघितलं असतं. शत्रूने फोडलं की आपलंच फुटलं यावर ३६-३७ ठरत नाही. पण व्यापारी जहाजावरचा माल म्हणजे 'युद्धातली कारवाई' का, यावर रात्रभर भांडता येईल. आणि १९४४ चा क्लेम कोण भरतंय?

पुस्तकच_बरं:
शेवटच्या अक्षराकडे कोणी बघितलं का? क्यूएने 'डी' केलंय. पहिलीच भेट होती का ही?

ऐरोली_नाईटशिफ्ट:
दुसरी. आधी बेसवरच्या क्लिनिकमध्ये ड्रॉप्स दिले, तीन दिवसांनी इथे ईएनटीने बघितलं आणि सर्जरी ठरवली. म्हणूनच क्यूए म्हणते सबसीक्वेंट, म्हणजे नंतरची भेट, म्हणून 'डी'.

पुस्तकच_बरं:
हे पहिल्या पोस्टमध्ये का नव्हतं? 'ए' म्हणजे पहिली भेट नव्हेच, 'ए' म्हणजे उपचार अजून सुरू आहेत. डॉक्टर बदलला तरी 'ए'. जखम भरत आली आणि नुसती देखरेख उरली की 'डी'. सर्जरी ठरवतायत म्हणजे 'ए'. मात्र जागेचा वाय९२ आणि स्टेटसचा (तेव्हा माणूस कामावर होता का वगैरे) वाय९९ साधारण एकदाच, उपचाराच्या पहिल्या भेटीत.

घोडबंदरचा_कोडर:
पहिली भेट दुसऱ्या ठिकाणी झाली, तो रेकॉर्ड आपल्याकडे नाही. मी तरी जागेचा वाय९२.८४ लावला असता.

पुस्तकच_बरं:
तुम्ही लावा. मी लावत नाही.

देवळाली_रिटायर्ड:
कोडचं मला काही कळत नाही. तोफखान्यात २२ वर्षं काढली. गोळा सुटला नाही तर पहिला नियम, हात लावायचा नाही, ठरलेला वेळ थांबायचं. नवा पोरगा घाई करतो आणि तिथेच घात होतो. एक विचारतो, लांब उभा होता म्हणताय, तो जवान होता का? तोफेच्या पथकातला माणूस आपली जागा सोडून लांब काय करत होता?

ऐरोली_नाईटशिफ्ट:
बेसवरून आला म्हणजे जवानच की. थांबा, चार्ट उघडते.

ऐरोली_नाईटशिफ्ट:
एचपीआयची (चार्टमधल्या हकिगतीची) दुसरी ओळ: '४१ वर्षांचा काँट्रॅक्टर, लाँचरच्या देखभालीसाठी रेंजवर'. मी 'मिलिटरी रेंज' वाचून पुढे गेले होते.

घोडबंदरचा_कोडर:
मग सहावं कॅरॅक्टर शून्य नाही, १. शून्य लष्करी माणसासाठी. वाय३७.२४१ए. म्हणजे क्यूए चूक, तूही चूक. देवळालीच्या साहेबांना एक सॅल्यूट.

पुस्तकच_बरं:
आणि मुख्य निदान काय लावलंय? ते अजून कोणी विचारलं नाही. वायचा कोड पहिला येतच नाही, तो कायम मागे.

ऐरोली_नाईटशिफ्ट:
एस०९.२१एक्सए. उजव्या कानाचा पडदा फाटला. ते क्यूएने पास केलंय. तो प्रश्न नाहीये.

पुस्तकच_बरं:
तोच प्रश्न आहे, बाई. एस०९.२ खाली एक्सक्लूड्स वन बघ, म्हणजे 'हे इथे लावू नका' ही टीप. स्फोटाच्या दाबाने फाटलेला पडदा तिथून बाहेर काढलाय, एस०९.३१ कडे पाठवलाय. उजवा कान, म्हणजे एस०९.३११ए. एन्कोडरमध्ये 'रप्चर' टाकलं असणार, मग तो ती टीप दाखवत नाही, आपण उघडत नाही. पानावर असती तर डोळ्यात खुपली असती.

ऐरोली_नाईटशिफ्ट:
अरे देवा. रिबटल टाकलं की चार्ट पुन्हा उघडणार, आणि वाय राहील बाजूला, एसचाच एरर लागेल. गप्प बसावं का?

क्लेमवाले_काका:
गप्प बसा. झाकली मूठ सव्वा लाखाची.

घोडबंदरचा_कोडर:
काका! मुख्य निदान चुकलेला क्लेम पुढे गेला तर डेनायल (नकार) येऊन तिच्याच नावावर पडेल. स्वतःहून लिही: वाय३६ का नाही, डी का नाही, सहावं कॅरॅक्टर माझं चुकलं, एस०९.२१ माझंच चुकलं आणि तुमचंही सुटलं. शेवटचं वाक्य जरा गोड लिही.

साकेत_पालक:
मेडिकल कोडिंगला स्कोप आहे का? मुलगी बीएस्सी बॉटनी करते आहे. ठाण्यात चांगला क्लास सुचवा.

ऐरोली_नाईटशिफ्ट:
१०.४० ला टाकलं, चारही मुद्दे. गोड वाक्य सुचलं नाही. आता ट्रान्स हार्बरला उभी आहे, झोप येतेय. क्यूएचं उत्तर आलं की लिहिते.

साकेत_पालक:
बॉटनी चालते का?